आपलीच गोष्ट, आपल्याच तोंडून : रंगमंचावरच्या आत्मकथनाविषयी वाचकांचे प्रश्न

स्वतःच्या आयुष्यावर एकट्यानं प्रयोग करू पाहणाऱ्या वाचकांची पत्रं नाशिक शहरातून आणि आसपासच्या तालुक्यांतून येत असतात. सारख्या आशयाचे प्रश्न एकत्र करून त्यांतले निवडक इथे घेतले आहेत. पत्रलेखकांची नावं मुद्दाम दिलेली नाहीत.

नाशिकरोडच्या नोटा छापणाऱ्या प्रेसमधून निवृत्त झालो. आठवणी लिहून काढल्या, फुलस्केप वहीची १२० पानं झाली. मुलं म्हणतात, आता स्टेजवर सांगा. हा किती वेळाचा कार्यक्रम होईल? आणि कापायचंच झालं तर सुरुवात कुठून करू?
— निवृत्त कर्मचारी, जेलरोड

फुलस्केपच्या एका पानावर हातानं लिहिलेले २०० ते २२० शब्द बसतात. म्हणजे तुमच्याकडे २५ हजारांच्या आसपास शब्द आहेत. रंगमंचावर, थांबे आणि हशे धरून, मिनिटाला १०० ते ११० शब्द बोलून होतात. घरी खुर्चीत बसून वाचताना हाच वेग १३०-१४० वर जातो, त्यामुळे घड्याळ लावून वाचलेला ‘एक तास’ प्रयोगात सव्वा तास होतो. तुमची वही या हिशेबानं जवळजवळ चार तासांची आहे. पहिला प्रयोग ५० ते ६० मिनिटांचा, मध्यंतराशिवाय ठेवा. त्याला साडेपाच ते सहा हजार शब्द पुरतात. तीन चतुर्थांश वही बाहेर ठेवायची आहे, हे आधीच मनाशी पक्कं करा.

कापताना ओळी विरळ करत बसू नका. तसं केलं की सगळ्या नोकरीचा धावता आढावा उरतो आणि त्यात बघण्यासारखं काही राहत नाही. त्याऐवजी प्रत्येक प्रसंग पोस्टकार्डाएवढ्या एका चिठ्ठीवर घ्या आणि तिच्यावर तीनच गोष्टी लिहा : कुठे घडलं, त्यात कोणाला काय हवं होतं, आणि शेवटी काय बदललं. तिसऱ्या रकान्यात लिहायला काही सापडलं नाही, तर तो प्रसंग नाही, माहिती आहे. ती एका वाक्यात दुसरीकडे कुठेतरी बसेल किंवा जाईल. नेमणुकीचं पत्र, बढत्या, निरोपसमारंभातली भाषणं हे बहुधा इथेच गळतं, आणि गळू द्यावं.

उरलेल्या चिठ्ठ्यांतून एकाच प्रश्नाभोवती फिरणारे सात-आठ प्रसंग निवडा. दिवसभर नोटांच्या गठ्ठ्यांत वावरणारा माणूस महिनाअखेरीला शेजाऱ्याकडे उसने मागतो, असं काही तुमच्या वहीत असेल, तर पैशाशी तुमचं नातं हाच प्रयोग झाला. मग एरवी कितीही सुंदर असलेला सहलीचा प्रसंग त्यात बसत नाही. तो दुसऱ्या प्रयोगासाठी राखून ठेवा.

एक सावधगिरी तुमच्या नोकरीपुरती : कागद, शाई, तपासणीची पद्धत, सुरक्षेची व्यवस्था यांचा तपशील प्रयोगात आणू नका. गोपनीयतेचं बंधन निवृत्तीबरोबर संपत नाही. शिफ्टची धावपळ, डबा, कॅन्टीनमधली भांडणं यांवर कोणाची हरकत असायचं कारण नाही, आणि प्रेक्षकाला रसही त्यातच असतो.

माझ्या प्रयोगात वडील आणि मी, दोघांचे संवाद मीच बोलते. आवाज बदलते, तरी ‘आत्ता कोण बोलतंय ते कळलं नाही’ असं लोक म्हणतात. एकपात्री करणाऱ्यांना हे कसं जमतं?
— शिक्षिका, इंदिरानगर

लक्ष्मण देशपांडे ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’मध्ये एकटे ५२ पात्रं उभी करत. पण ती परंपरा पात्रांच्या आड नट दिसेनासा व्हावा, अशी आहे. तुमच्या प्रकारात नट दिसेनासा होऊन चालत नाही, कारण लोक त्यालाच भेटायला आलेले असतात. अमेरिकेतला स्पाल्डिंग ग्रे टेबलाशी बसून, समोर पाण्याचा ग्लास आणि वही ठेवून, अख्खी संध्याकाळ स्वतःच्या आयुष्याबद्दल बोलायचा. त्यामुळे नकलांचा आग्रह आधी सोडा.

तुमचा गोंधळ आवाजाचा नसावा. मंचावर वडील आणि मुलगी एवढे दोघंच नाहीत, तिसरीही आहे : आज उभी राहून सांगणारी तुम्ही. आजची तुम्ही आणि तेव्हाची तुम्ही एकमेकींत मिसळल्या की वडील कोणाशी बोलतायत हेच कळेनासं होतं. तिघांना तीन नजरा द्या. सांगणारी थेट प्रेक्षकांकडे बघते. तेव्हाची मुलगी समोरच्या मध्यापासून थोडं डावीकडे, एका ठरलेल्या खुणेकडे बघते. वडील तेवढंच उजवीकडे. दहा वर्षांच्या मुलीची नजर वर जायला हवी, म्हणून तिची खूण उंचावर घ्या, दारावरची ‘बाहेर’ची पाटी किंवा बाल्कनीचा कठडा. वडिलांची खूण खाली, पहिल्या रांगेच्या खुर्चीच्या पाठीवर. ही उंची सोडली नाही, तर आवाज अजिबात न बदलताही माणसं वेगळी कळतात.

वडिलांना आवाजाऐवजी अंगाची एकच सवय द्या. एकच, तीन नकोत. डावा हात पाठीमागे, किंवा बोलण्याआधी चष्मा सारखा करणं. बाईनं घोगरा आवाज काढला की पहिल्याच वाक्याला हशा येतो आणि पुढच्या गंभीर प्रसंगात तोच नडतो. वडिलांचा बोलण्याचा वेग मात्र तुमच्यापेक्षा निराळा ठेवा. तो कानाला लगेच कळतो.

मान वळवण्याचा क्षणही महत्त्वाचा आहे. आधी मान, मग अर्धा सेकंद, मग वाक्य. नवखे लोक आधीच्या वाक्याचा शेवट बोलता बोलता वळतात. मराठीत क्रियापद शेवटी, त्यामुळे वळताना गिळला जातो तो नेमका अर्थ. ‘मी तुला पाठवणार’ एवढं ऐकू येतं, ‘नाही’ विंगेत जातं.

काळाकडेही बघा. सांगणारी भूतकाळात बोलते : ‘बाबा उशिरा आले.’ प्रसंग सुरू झाला की वर्तमानकाळ : ‘मी दारात उभी आहे.’ दोन्ही चालतात, एका वाक्यात दोन्ही चालत नाहीत. ‘म्हणाले’, ‘म्हणाली’ पहिल्या एक-दोन संवादांपुरतं ठेवा, नंतर काढून टाका.

तपासणी सोपी आहे. तालमीचं मोबाइलवर चित्रीकरण करा आणि एकदा आवाज बंद करून बघा. कोण बोलतंय हे चित्रावरूनच कळायला हवं. नंतर न बघता नुसतं ऐका. पहिल्यात नापास झालात तर नजरेवर काम करा, दुसऱ्यात झालात तर वेगावर.

सासूबाई हयात आहेत, आणि प्रयोगाचा अर्धा भाग त्यांच्याविषयी आहे. नाव बदललं की पुरे ना?
— गृहिणी, सिडको

पुरत नाही. तुमच्या प्रयोगात ‘माझी सासू’ असा उल्लेख आला, की नाव काहीही ठेवा, ओळख पटणारच. ऑफिसातला साहेब, शेजारी, मैत्रीण यांच्या बाबतीत नाव, व्यवसाय, गल्ली आणि एखादी ठळक खूण बदलली की माणूस झाकला जातो. नवरा, सासू, भाऊ यांना झाकताच येत नाही. म्हणून त्यांच्या बाबतीत उपाय एकच : पहिल्या प्रयोगाआधी त्यांच्यावरचा भाग त्यांना घरी बसून ऐकवा. ‘परवानगी द्या’ असं न म्हणता ‘यात काय चुकीचं आहे ते सांगा’ असं विचारा. पुष्कळदा त्यांना तुमच्या मतापेक्षा तपशिलाची चूकच जास्त खुपते, आणि ती दुरुस्त केल्यानं प्रयोगाचं नुकसान काहीच होत नाही. त्यांनी ठाम नकार दिला, तर निर्णय तुमचा, पण प्रयोगानंतर रोज त्याच घरात राहायचंय याचा विचार करून घ्या.

कायद्याची बाजू थोडक्यात : बदनामीचा गुन्हा आता भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५६ खाली येतो. ‘खरं आहे’ एवढा बचाव तिथे पुरत नाही. खरं असलं तरी ते सांगणं लोकहिताचं होतं, हे दाखवावं लागतं. मृत व्यक्तीबद्दलचं विधानही, ती हयात असती तर तिची बदनामी झाली असती आणि नातलगांच्या भावना दुखावण्याच्या हेतूनं ते केलं असेल, तर या कलमात येऊ शकतं. मारहाण, फसवणूक, व्यसन असे आरोप तुमच्या प्रयोगाच्या संहितेत असतील, तर ती पानं वकिलाला दाखवूनच पुढे जा.

कायद्यापलीकडे एक लेखनाचा भाग आहे. ज्या प्रसंगात सासूबाई पूर्ण चूक आणि तुम्ही पूर्ण बरोबर, तो प्रेक्षकाला खोटा वाटतो, भले तो शंभर टक्के खरा असो. त्यांना त्या क्षणी नेमकं काय हवं होतं हे एका वाक्यात सांगता आलं नाही, तर तो प्रसंग अजून लिहून झालेला नाही.

आईच्या आजारपणाचा भाग आला की दर तालमीला घसा दाटतो. हे थांबवायचं कसं? की लोकांना तेच आवडतं?
— बँक कर्मचारी, पंचवटी

डोळ्यांत पाणी आलं तर काही बिघडत नाही. घसा बंद झाला की बिघडतं. श्वास छातीत वर अडकतो, वाक्याची शेवटची दोन अक्षरं हवेत विरतात आणि प्रेक्षक गोष्ट सोडून तुमची काळजी करू लागतो. मग पुढची पाच मिनिटं तो ऐकत नाही, तुम्ही सावरताय का एवढंच बघत बसतो.

त्या भागातली वाक्यं तोडून छोटी करा, सात-आठ शब्दांच्या पुढे एकही नको. विशेषणं काढा. ‘अतिशय वेदनादायक रात्र’ बोलताना गळा भरतो. ‘रात्री सव्वादोनला वॉर्डबॉयनं खुर्ची आणून दिली’ हे बोलता येतं, आणि ऐकणाऱ्याला जास्त लागतं. वाक्याआधी श्वास आत ओढू नका, आधी पूर्ण बाहेर सोडा. दाटलेला घसा भरलेल्या छातीनं आणखी आवळतो. हातांना काम द्या : शालीची घडी घालणं, औषधांच्या पट्ट्या डब्यात लावणं. काम खरं हवं, नुसता हात फिरवणं नको.

हा भाग प्रयोगात ठेवावा की नाही, यासाठी एक कसोटी लावता येते. एका विश्वासू माणसासमोर तो तीनदा सांगा, दर वेळी आठवड्याचं अंतर ठेवून. तिन्ही वेळा एकाच जागी थांबावं लागलं, किंवा त्या रात्री झोप उडाली, तर यंदाच्या प्रयोगातून तो वगळा. त्रास तसाच राहिला तर समुपदेशक किंवा मानसोपचारतज्ज्ञांशी बोला. रंगमंच हा उपचार नाही, तिथे रोज तीच दारं उघडावी लागतात. प्रयोग संपल्यावर पंधरा मिनिटं कोणाला भेटू नका आणि रंगपटाच्या दाराशी एका माणसाला उभं करा. ‘माझ्या आईचंही असंच झालं’ म्हणत येणारे लोक प्रेमानंच येतात, पण त्या क्षणी ते पेलत नाही.

पहिला प्रयोग कालिदासला करावा अशी मित्रांची इच्छा आहे. माइक, लाइट किती लागतील?
— सातपूर

मित्रांचं ऐकू नका. महाकवी कालिदास कलामंदिर नेपथ्यासह येणाऱ्या नाटकासाठी उत्तम आहे. तिथे सव्वाशे माणसं विखरून बसली की हशा एका रांगेतून दुसऱ्या रांगेत पोचतच नाही, आणि एकटा बोलणारा मंचावर हरवतो. पहिला प्रयोग ६० ते ८० खुर्च्यांच्या जागेत करा. कुसुमाग्रज स्मारकासारख्या ठिकाणी असा कार्यक्रम शोभतो. प्रेक्षक जमू लागला की परशुराम साईखेडकर नाट्यगृहाचा विचार करावा. फेब्रुवारीच्या शेवटच्या आठवड्यात, २७ तारखेच्या कुसुमाग्रज जयंतीमुळे, शहरातली सभागृहं मिळणं अवघड असतं. हिवाळ्यात राज्य नाट्य स्पर्धाही असते. तारीख ठरवताना हे बघा. पत्र्याच्या छताचा हॉल जुलै-ऑगस्टमध्ये नकोच, एक सर आली की संपलं.

साठ-सत्तर माणसांसमोर कमावलेला आवाज माइकशिवाय पुरतो. पंखे किंवा एसी आवाज करत असतील तर हेडसेट माइक घ्या. त्याचं टोक ओठांच्या कोपऱ्यापाशी, दोन बोटांवर हवं. अगदी तोंडासमोर आलं तर ‘प’, ‘फ’, ‘भ’ फुटतात. कॉलर माइक या प्रकाराला सोयीचा नाही : पात्र बदलताना मान वळली की आवाज पडतो, सिल्कच्या पदराची सळसळ आणि मंगळसूत्राची किणकिण मात्र स्पष्ट ऐकू येते. सेल दर प्रयोगाला नवे घाला, ‘अजून चालतील’ म्हणू नका.

प्रकाशाला समोरून दोन दिवे पुरतात, डोक्याच्या वरून, डावीकडून आणि उजवीकडून साधारण ४५ अंशांत. तिसरा मागून, खांद्यांची कड उजळण्यापुरता. रंग पिवळसर पांढरा. निळा-लाल आणलात की आठवणींचं गॅदरिंग होतं. तासाभरात पाच ते सात बदल खूप झाले. दिवा आणि मंच यांच्यामध्ये छताचा पंखा येत नाही ना, ते दुपारीच बघून ठेवा, नाहीतर पात्याची सावली प्रयोगभर चेहऱ्यावर फिरत राहते. लाइटवाल्याला संहितेची प्रत द्या आणि बदल विषयावर नव्हे, शब्दावर खूण करून द्या. ‘आई गेल्यावर’ असं सांगितलंत तर तो कुठल्या वाक्याला दिवा उतरवेल याचा नेम नाही.

कॉलेज रोडवरच्या कॅफेत ओपन माइक आहे. खरी गोष्ट, सहा मिनिटं, कागद न घेता. कशी बसवू?
— विद्यार्थी

सहा मिनिटं म्हणजे ६०० ते ६५० शब्द. न वाचता सांगायच्या खऱ्या गोष्टींचा हा प्रकार ‘द मॉथ’ या न्यूयॉर्कच्या संस्थेनं १९९७पासून रुजवला. तिथल्या स्पर्धांत पाचच मिनिटं असतात. आपल्याकडच्या कॅफेत वेळ संपली की माइक काढून घेतात, म्हणून साडेपाचचीच तयारी करा.

एकच प्रसंग घ्या, शक्यतो एकाच दिवसातला. ‘मी लहानपणापासून लाजाळू’ ही प्रस्तावना काढून थेट घटनेत उतरा : ‘बारावीचा निकाल लागला त्या दुपारी मी रविवार कारंज्यावर चपला विकत घेत होतो.’ पहिलं आणि शेवटचं वाक्य शब्दशः पाठ करा, मधला भाग पाठ करू नका. पाच टप्पे बोटांवर मोजता येतील असे लक्षात ठेवा. शेवटचं वाक्य पाठ नसेल तर उतरताना ‘तर... असं झालं’ निघतं आणि सगळी हवा जाते. कॅफेत मिक्सर सुरू होतो, वेटर मध्ये येतो. अशा वेळी बोलणं थांबवा, आवाज चढवू नका.

बाबांच्या रेडिओवरचं एक जुनं चित्रपटगीत आणि एक कविता प्रयोगात हवी आहे. सेन्सॉरचंही काही असतं का?
— ओझर

असतं. तिकीट लावून जाहीर प्रयोग करायचा तर महाराष्ट्र राज्य रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे संहिता पाठवून प्रमाणपत्र घ्या. वेळ हाताशी ठेवून अर्ज करा आणि नाट्यगृहाचं आरक्षण करताना प्रत सोबत ठेवा.

ध्वनिमुद्रित गाणं वाजवायचं तर परवाने दोन : गीत-संगीताचा आणि ध्वनिमुद्रणाचा. पहिला बहुधा आयपीआरएस या गीतकार-संगीतकारांच्या हक्कांच्या संस्थेकडून, दुसरा गाण्याच्या कंपनीनुसार पीपीएल या ध्वनिमुद्रणांचे परवाने देणाऱ्या संस्थेकडून किंवा थेट त्या कंपनीकडून. एवढं करण्यापेक्षा गाणं वाजवूच नका. बाबा खरखर घालवायला एरिअल कसं फिरवायचे ते दाखवा, गाणं प्रेक्षकाला आपोआप ऐकू येतं. कवितेचा हक्क कवीच्या निधनानंतर ६० वर्षं राहतो. प्रकाशित साहित्यातला वाजवी उतारा जाहीरपणे म्हणायला कायद्यात सवलत आहे, पण अख्खी कविता म्हणजे उतारा नव्हे. चार ओळी घ्या आणि कवीचं नाव बोला.

जुने फोटो मागे पडद्यावर दाखवू का?
— सिन्नर

नको. पडदा दिसावा म्हणून चेहऱ्यावरचा उजेड कमी करावा लागतो, आणि फोटो आला की सगळे तुम्हाला सोडून त्यातली माणसं ओळखत बसतात. अगदीच हवा असेल तर एकच फोटो छापून हातात घ्या आणि प्रेक्षकांना न दाखवता त्यात काय आहे ते सांगा.

ऐन प्रयोगात ओळ विसरले तर? घरी तालमीत तर सगळं पाठ असतं.
— देवळाली कॅम्प

घरच्या तालमीत तुम्ही एकाच खोलीत, एकाच वेळी, एकाच क्रमानं म्हणता. मेंदू ओळींबरोबर ती खोलीही पाठ करतो. जागा बदला : गच्चीवर, गोदाकाठी चालताना, भाजी निवडताना म्हणा. मधल्याच प्रसंगापासून सुरू करा, शेवटून पहिल्याकडे या. ओळी विसरतात त्या बहुधा प्रसंगाच्या आत नाही, दोन प्रसंगांच्या सांध्यावर, कारण तिथे ‘मग एकदा’ याशिवाय दुवा नसतो. प्रत्येक सांध्याला कारण द्या : पहिल्या प्रसंगातल्या कुठल्या वस्तूमुळे किंवा वाक्यामुळे दुसरा आठवतो? ते सापडलं की ओळ हातातून सुटत नाही.

तरीही सुटलीच, तर ‘सॉरी’ म्हणू नका आणि वर छताकडे बघू नका. पाण्याचा तांब्या मंचावर प्रयोगाचाच भाग म्हणून ठेवलेला असावा. दोन घोट घ्या आणि शेवटची आठवणारी ओळ पुन्हा, सावकाश म्हणा. तरी नाही आली तर पुढच्या प्रसंगाचं पहिलं वाक्य घ्या. विंगेत एकाच माणसाकडे संहिता द्या, आणि त्यानं पूर्ण ओळ न सांगता फक्त पहिले दोन शब्द सांगायचे, हे आधी ठरवून ठेवा.